साठेखताच्या कागदावर जमीन जाणार काय? अपील कोर्टाला आमचा सवाल



यंदा बैठकीला लोक जमिनीचे जे कागद घेऊन येतात, त्यात एका जातीचे कागद फार वाढले आहेत. तालुक्याच्या दिवाणी कोर्टाचे हुकूमनामे. मतलब सगळ्यांचा एकच. अमक्या आदिवासीने तमक्या शेठला जमीन विकायचे साठेखत करून दिले, इसार घेतला, आता तो खरेदीखत करून देत नाही. तरी त्याने ते करून द्यावे. नाही दिले तर कोर्टाचा माणूस त्याच्या वतीने सही करील. ज्याच्या नावाने हुकूम झाला त्या डोकऱ्याला विचारावे तर तो सांगतो, "मी जमीन इकलीच नाय. पावसाळ्यात भात घेतला व्हता."

१९४५ साली तलासरी, उंबरगाव, डहाणूच्या वारल्यांनी वेठ आणि लगीनगडी मोडली. तेव्हापासून चाबूक घेऊन पाड्यात येण्याची हिंमत कुणाला होत नाही. आता शेठ बेलिफ घेऊन येतो. बेलिफाच्या हातात कोर्टाचा कागद असतो, म्हणून आपली माणसे गप्प राहतात.

तालुका कोर्टात हरलो की एक दार राहते, अपिलाचे. म्हणून हा लेख अपिलावर आहे. आमचे म्हणणे थोडक्यात असे. आदिवासीच्या जमिनीच्या साठेखताची केस अपिलात आली की कोर्टाने आधी अंगठ्याकडे बघू नये, जमिनीकडे बघावे. ही जमीन कायद्याने बिगर-आदिवासीकडे जाऊ शकते काय, हा पहिला प्रश्न. जाऊ शकत नसेल तर दावा तिथेच संपला पाहिजे. आणि त्या प्रश्नाचा निकाल लागेपर्यंत जमीन कसणाऱ्याच्या हातातच राहिली पाहिजे.

साठेखत म्हणजे काय

साठेखत म्हणजे पुढे कधीतरी विकीन असा करार. खरेदीखत म्हणजे विक्री. या दोन्हीत फार अंतर आहे. मालमत्ता हस्तांतरणाच्या कायद्याचे कलम ५४ साफ सांगते की नुसत्या विक्रीच्या कराराने घेणाराचा जमिनीवर कसलाही हक्क तयार होत नाही. म्हणजे अंगठा लागला म्हणून जमीन गेली, असे नाही. पण आपल्यात समज असा की स्टँपावर अंगठा लागला, आता काय राहिले? माणूस आपणच नांगर उचलून बांधाबाहेर येतो. सावकाराला हेच पाहिजे असते. एकदा ताबा त्याच्याकडे गेला की त्याच कायद्याच्या कलम ५३अ ची ढाल तो पुढे करतो : करार आहे, ताबा आहे, आता मला हलवू नका.

करार पुरा करून मागायचा दावा विशिष्ट साहाय्य कायदा, १९६३ खाली चालतो. त्या कायद्यातल्या दोन गोष्टी आमच्या कैफियतीत क्वचितच येतात. कलम १६ म्हणते, दावा करणाराने आपण पहिल्यापासून शेवटपर्यंत आपली बाजू पुरी करायला तयार आणि राजी होतो हे शाबीत केले पाहिजे. आणि २०१८ च्या दुरुस्तीपर्यंत कलम २० म्हणत होते, करार कायदेशीर आहे एवढ्यासाठी कोर्टाने तो पुरा करून दिलाच पाहिजे असे बंधन नाही. करार करताना एका बाजूने दुसऱ्यावर गैरफायदा घेतला असेल, किंवा करार पुरा करण्याने एकाची अशी हालत होणार असेल की जी त्याला आधी दिसलीच नव्हती, तर कोर्ट नाही म्हणू शकत होते. मात्र किंमत कमी होती एवढेच सांगून भागत नव्हते. परिस्थिती मांडावी लागत होती. महिना कोणता होता, घरात दाणा होता काय, आजारी कोण होते, कागद कुणी लिहिला, वाचून कुणी दाखवला.

आदिवासीच्या जमिनीचा कायदा वेगळा आहे

महाराष्ट्र जमीन महसूल कायद्यात ६ जुलै १९७४ पासून कलम ३६अ आले. त्या दिवसानंतर आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीला विक्री, बक्षीस, अदलाबदल, गहाण, पट्टा, कशानेही देता येत नाही. पाच वर्षांपर्यंतचे गहाण किंवा पट्टा असेल तर कलेक्टरची आधी परवानगी लागते. विक्रीला कलेक्टरची परवानगी, आणि तिलाही आधी राज्य सरकारची मान्यता. परवानगीचा अर्ज घेणाऱ्या बिगर-आदिवासीने करायचा असतो. आणि त्या गावातला किंवा पाच किलोमीटरच्या आतला कुणीही आदिवासी ती जमीन घ्यायला तयार नाही, अशी खात्री झाल्याशिवाय कलेक्टरने परवानगी द्यायची नाही.

आता नीट ऐका. ३६अ मध्ये 'विक्री' या शब्दापुढे कंस आहे. त्यात लिहिले आहे की दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या बजावणीत होणारी विक्रीसुद्धा यात धरायची. कोर्टाच्या वाटेने जमिनी जातील हे कायदा करणारांना ठाऊक होते, म्हणून त्यांनी ती वाट नाव घेऊन बंद केली. पुढे कलम ३६क म्हणते, ३६, ३६अ, ३६ब खाली जो प्रश्न कलेक्टरने सोडवायचा आहे तो सोडवायचा अधिकार दिवाणी कोर्टाला नाही. या कलमांखालच्या कामात वकिलाला उभे राहता येत नाही, कारण शेठचा वकील आणि आपला अंगठा अशी कुस्ती सरकारला नको होती.

१९७४ च्या आधी गेलेल्या जमिनींसाठी दुसरा कायदा आहे, जमिनी परत देण्याचा. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात गेलेल्या जमिनींना तो लागतो. या कायद्यावर जमीनवाले सुप्रीम कोर्टापर्यंत गेले. लिंगप्पा पोचन्ना अप्पेलवार यांच्या केसमध्ये डिसेंबर १९८४ ला सुप्रीम कोर्टाने तो कायदा कायम केला, वकिलांना मनाई करणारे कलमही कायम केले. दुबळ्याच्या हातून फसवून गेलेली जमीन सरकार कायदा करून परत देऊ शकते, हे देशाच्या सगळ्यात वरच्या कोर्टाने मान्य केले. मग तालुक्याच्या कोर्टात तीच जमीन साठेखताच्या कागदावर पुन्हा कशी जाते?

जाते कशी, ते बघा

एका पाड्यावरची केस सांगतो. नावे लिहीत नाही. घरात बाई आजारी, आषाढाचा महिना. शेठकडून थोडे रोख आणि भात घेतला. शेठने कोऱ्या स्टँपावर अंगठा घेतला. सांगितले, "खावटीचा कागद आहे." दिवाळीनंतर घरचे सगळे वीटभट्टीवर गेले. पाड्यात माणूस नाही, तेव्हा समन्स दाराला चिकटवले गेले. जंगलातल्या झोपडीच्या कुडाला चिकटवलेला कागद किती दिवस राहतो, ते वाऱ्याला आणि बकऱ्यांना विचारा. एकतर्फी हुकूमनामा झाला. मग शेठने दरखास्त लावली. बेलिफ आला तेव्हा घरच्यांना पहिल्यांदा कळले की कोर्टात आपल्या नावाची केस होती.

अपील केले. कोर्ट म्हणाले, उशीर का झाला? रोजच्या रोजचा हिशोब द्या. स्टे मागितला तर म्हणाले, रक्कम भरा. रक्कम भरायला असती तर खावटी कशाला घेतली असती? ताबा गेला. आता अपील चालू आहे, आणि त्या खाचरातली माती विटांसाठी उचलून नेत आहेत. तीन वर्षांनी आम्ही अपील जिंकू. कायद्यात कलम १४४ आहे, निकाल फिरला तर गेलेले परत द्यायचे. कोर्ट आम्हाला काय परत देईल? खड्डा.

शेठच्या वकिलाची हुशारी

वकील म्हणतो, "कायद्याने हस्तांतरणाला बंदी आहे, कराराला कुठे आहे? कोर्टाने परवानगीच्या अटीवर हुकूमनामा द्यावा." आणि तो सुप्रीम कोर्टाचा दाखला देतो, १९६९ चा, नथुलाल विरुद्ध फूलचंद. तिथे कोर्टाने सांगितले की परवानगी लागत असेल तर विकणाराने ती मिळवायची, हे करारात धरलेलेच असते.

आमचे उत्तर असे. ती केस जिनिंग फॅक्टरीच्या जागेची होती. तिथे विकणाराला वाचवण्यासाठी कायदा नव्हता. ३६अ हा विकणाऱ्या आदिवासीला वाचवण्यासाठीच केलेला कायदा आहे. ज्याला वाचवायचे त्यालाच कोर्टाने हुकूम द्यायचा की जा, तुझी जमीन जावी म्हणून खटपट कर? अर्ज तर कायद्याने घेणाऱ्याने करायचा आहे. शेठने तो का केला नाही? केला नसेल तर तो 'तयार आणि राजी' कसा? पाच किलोमीटरच्या आतल्या आदिवासींना कुणी विचारले? अटीचा हुकूमनामा म्हणजे घराच्या आढ्याला टांगलेली कुऱ्हाड आहे. आज पडली नाही तर दहा वर्षांनी, एखादा साहेब सही करील त्या दिवशी पडेल.

अपील कोर्टाकडे आमच्या मागण्या

एक. जमीन आदिवासीची आहे असे सातबारावरून किंवा दाखल्यावरून दिसले की अपील कोर्टाने ३६अ आणि ३६क चा मुद्दा स्वतः काढावा. "हा मुद्दा खाली घेतला नव्हता" हे उत्तर चालणार नाही. ज्या कोर्टाला अधिकारच नाही त्याचा हुकूमनामा मुळात रद्दच, आणि ही हरकत कधीही घेता येते, बजावणीतसुद्धा, हे सुप्रीम कोर्टाने १९५४ सालीच किरण सिंग विरुद्ध चमन पासवान या केसमध्ये सांगितले आहे. जातीचा दाखला खाली दिला नसेल तर अपिलात घ्यावा. दिवाणी प्रक्रिया कायद्यात (ऑर्डर ४१, नियम २७) न्याय करायला लागेल तो पुरावा घेण्याची सोय आहे.

दोन. पहिल्या अपिलात सगळा पुरावा पुन्हा तपासावा. १९७६ च्या दुरुस्तीनंतर दुसऱ्या अपिलात हायकोर्ट फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न बघते. अंगठा कसा घेतला, पैसे किती दिले, ही हकीकत बघणारे शेवटचे कोर्ट म्हणजे जिल्हा कोर्ट. तिथल्या न्यायाधीशाने "खालच्या कोर्टाशी सहमत आहे" एवढे लिहून मोकळे व्हायचे, तर आमच्या साक्षी पुन्हा कुणी कधीच वाचणार नाही. प्रत्येक मुद्दा लिहावा, त्यावर आपले कारण लिहावे. कायद्याने तेच सांगितले आहे.

तीन. कागदाच्या मागे काय होते ते बघावे. वकील म्हणतात, लेखी कागदाविरुद्ध तोंडी पुरावा चालत नाही. पण गंगाबाई विरुद्ध छबूबाई या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितले की कागद नावापुरता होता, खरा व्यवहार दुसराच होता, हे तोंडी पुराव्याने दाखवता येते. तिथेही मूळ व्यवहार कर्जाचाच होता. आमच्याकडे खावटीचे साठेखत हा रोजचा प्रकार आहे.

चार. शेठ इतकी वर्षे गप्प का होता ते विचारावे. दाव्याची मुदत तीन वर्षांची. करारात तारीख असेल तर त्या तारखेपासून, नसेल तर नकार कळल्यापासून. म्हणून कागदात तारीखच घालत नाहीत. रस्ता आला, जमिनीचा भाव चढला, की शेठ नोटीस देतो, तिथून तीन वर्षे मोजतो. भाव पडला असता तर तो आला असता काय?

पाच. स्टेसाठी रोख रक्कम मागू नये. नुसते अपील केल्याने बजावणी थांबत नाही, हे आम्हाला माहीत आहे. पण जमीन कुठे पळून जात नाही. तीच जामीन समजावी. आणि शेठला ताबा देऊन टाकलाच असेल, तर माती, झाड, दगड यांना हात लावायला मनाई करावी.

सहा. उशिराकडे माणसासारखे बघावे. १९८७ साली कलेक्टर, अनंतनाग विरुद्ध कातिजी या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितले की रोजच्या रोजचा हिशोब असला हट्ट धरू नये, न्याय बघावा. तिथे उशीर सरकारचा होता, चार दिवसांचा. सरकारकडे वकील, कारकून, जीप सगळे असते. मोखाड्याच्या माणसाला जिल्हा कोर्टात एक तारीख करायला दिवस जातो, मजुरी जाते, एसटीचे भाडे जाते. सरकारला जी सवलत, ती त्याला आधी मिळाली पाहिजे.

सात. पैसे खरेच दिले असे शाबीत झाले तर ते परत करायचा हुकूम द्यावा, हप्त्याने. जमीन देऊ नये.

"शब्द म्हणजे शब्द" म्हणणाऱ्यांना

काही शिकलेले लोक आम्हाला विचारतात, "तुम्ही आदिवासी शब्दाचे पक्के म्हणवता, मग करार का मोडता?" आम्ही शब्द मोडत नाही. घेतलेला भात आम्ही दीडीने फेडतो, कधी दुपटीने. पण जो शब्द दिलाच नाही तो आमच्या अंगठ्याखाली दुसऱ्याने लिहिला, तर तो आमचा शब्द नव्हे.

दुसरे म्हणतात, "जमीन विकता येत नाही म्हणून आदिवासी गरीब राहिला. आजारपणात पैसा कुठून आणणार?" हा प्रश्न खरा आहे. पण त्याचे उत्तर दवाखाना आणि वेळेवर खावटी कर्ज हे आहे. एका आजारपणाला जमीन विकली तर पुढच्या आजारपणाला काय विकायचे? ज्याला विकायचीच आहे त्याच्यासाठी कलेक्टरची वाट कायद्यात आहे. ती उजेडातली वाट आहे, म्हणून शेठला नको असते.

तिसरे म्हणतात, "कोर्टाने दोघांना सारखे बघावे." जरूर बघावे. आपल्यातल्याही काहींनी साठेखतावर पैसे भरून जमिनी घेतल्या आणि मालकाने खरेदीखत दिले नाही. त्यांच्या दाव्यात कोर्ट विचारते, पैसे तयार होते काय, वेळेत आलास काय. हेच प्रश्न शेठला विचारा, एवढेच आमचे मागणे आहे.

आपण काय करायचे

कोऱ्या कागदावर, कोऱ्या स्टँपावर अंगठा द्यायचा नाही. खावटी घ्यायची तर चार माणसांसमोर, आणि कागद शाळा शिकलेल्या पोराकडून मोठ्याने वाचून घ्यायचा.

साठेखत झाले असेल तरी ताबा सोडायचा नाही. पेरणी करायची, पीक पाहणीत आपल्या पिकाची नोंद करायची, सातबारावर आपले नाव आहे ते दरसाल बघायचे. एकसाली प्लॉटवर कुणी साठेखत मागत असेल तर त्याला हसून परत पाठवा. जमिनीची मालकीच सरकारची, तर तुम्ही विकणार काय?

भट्टीवर, गवत कापणीला जाताना पाड्यात राहणाऱ्या म्हाताऱ्यांना सांगून जा : कोर्टाचा कागद आला तर संघटनेकडे पोचवायचा. कुडाला चिकटवलेला कागद फाडायचा नाही, जपून ठेवायचा.

समन्स आले तर पहिल्या तारखेला हजर राहायचे. कैफियतीत पहिल्या ओळीत लिहायचे : मी आदिवासी, वादी बिगर-आदिवासी, ३६अ ची परवानगी नाही, कोर्टाला अधिकार नाही.

विरुद्ध निकाल लागला तर त्याच दिवशी नकलेचा अर्ज द्या. जिल्हा कोर्टातल्या अपिलाची मुदत तीस दिवसांची आहे. नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस त्यातून वगळतात. समन्स न मिळता एकतर्फी हुकूम झाला असेल तर तो रद्द करायचा अर्ज, कळल्यापासून तीस दिवसांत. अपिलाबरोबरच स्टेचा अर्ज. आणि कोर्टाची वाट न बघता प्रांताकडे, कलेक्टरकडे ३६अ खाली वेगळा अर्ज. तिथे वकील लागत नाही, आपण सगळे मिळून जाऊ.

ज्यांच्याकडे असे हुकूमनामे, नोटिसा, समन्स असतील त्यांनी ते पुढच्या अमावस्येच्या बैठकीला आणावेत. सगळ्यांची एक यादी करू, गाववार. एकेकटा कोर्टात गेला तर तो केस नंबर होतो. यादी घेऊन शंभर माणसे कलेक्टर कचेरीच्या पायरीवर बसली, तर साहेबाला ३६अ वाचावेच लागेल. जिल्हा न्यायाधीशांनाही आपण लेखी निवेदन देणार आहोत. वरच्या सात मागण्या त्यात जशाच्या तशा लिहायच्या आहेत. कुणाला आठवी सुचली तर बैठकीत सांगा.

जमीन आमची, तिच्यावरचा घाम आमचा. कागद शेठचा असेल. निकाल कायद्याने व्हावा.

जिंदाबाद!